घोडे, भूकंप आणि समुद्र: पोसायडन नेमका कशाचा देव?

प्रश्नकर्त्यांनी कोल्हापूरच्या टाऊन हॉल संग्रहालयात, ब्रह्मपुरीच्या टेकाडात सापडलेली पोसायडनची छोटी कांस्यमूर्ती पाहिली आणि त्यानंतर ग्रीक पुराणकथांची दोन-तीन पुस्तके चाळली. सगळीकडे ‘पोसायडन म्हणजे समुद्राचा देव’ एवढेच ठळकपणे लिहिलेले होते. मात्र त्याच पुस्तकांत तो भूकंप घडवतो आणि घोड्यांचा जनक आहे, असेही ओझरते उल्लेख आढळले. समुद्राच्या देवाकडे घोडे आणि भूकंप कसे आले, आणि समुद्रापासून इतक्या लांब, घाटाच्या वर, त्याचे काय काम, असे त्यांनी विचारले आहे.

ग्रीक भाषा आणि वाङ्मय शिकवण्यात माझी बरीच वर्षे गेली. दरवर्षी पहिल्याच आठवड्यात विद्यार्थी वहीत एक तक्ता करून आणतात: झ्यूस आकाश, पोसायडन समुद्र, हेडीस पाताळ, अथीना बुद्धी, एरीस युद्ध. मंत्रिमंडळाच्या खातेवाटपासारखा हा तक्ता परीक्षेपुरता सोयीचा असतो, पण ग्रीक माणूस आपल्या देवाकडे या नजरेने पाहत नव्हता. त्याच्या दृष्टीने देव हा एखाद्या ठिकाणचा, एखाद्या उपाधीने हाक मारायचा, विशिष्ट नवस आणि विशिष्ट बळी घेणारा असा असे. पोसायडनच्या बाबतीत तर हा तक्ता सर्वांत जास्त फसतो, आणि म्हणून हा प्रश्न मला महत्त्वाचा वाटतो.

समुद्र त्याच्या वाट्याला आला याचा मुख्य आधार होमरच्या ‘इलियड’ या महाकाव्याच्या पंधराव्या सर्गात आहे, पण तो प्रसंग सहसा अर्धाच सांगितला जातो. ट्रॉयच्या रणांगणावर पोसायडन ग्रीकांना उघडपणे मदत करत आहे. झ्यूस आयरिस या दूतीबरोबर निरोप पाठवतो की ताबडतोब लढाईतून बाहेर पड. पोसायडन संतापतो आणि तिला वाटणीची कहाणी ऐकवतो. आम्ही क्रोनसचे तीन मुलगे. चिठ्ठ्या टाकल्या तेव्हा मला करडा समुद्र मिळाला, हेडीसला अंधार मिळाला, झ्यूसला विस्तीर्ण आकाश मिळाले. पण पृथ्वी आणि उंच ऑलिंपस हे तिघांचे सामाईक राहिले. झ्यूसने आपल्या तिसऱ्या हिश्शावर समाधान मानावे आणि दरडावायचेच असेल तर स्वतःच्या लेकरांना दरडावावे, असे तो सुनावतो. गावाकडच्या जमिनीची वाटणी ज्याने जवळून पाहिली आहे त्याला हा सूर लगेच ओळखू येईल. धाकटा भाऊ थोरल्याला वाटणीपत्राची आठवण करून देतो आहे, आणि त्याचा सगळा जोर आपल्याला मिळालेल्या समुद्रावर नसून सामाईक राहिलेल्या जमिनीवर आहे. ज्या उताऱ्यावरून आपण त्याला ‘समुद्राचा देव’ ठरवतो, त्याच उताऱ्यात तो जमिनीवरचा आपला हक्क बजावतो आहे. थोरल्याच्या बाजूने शापदेवता उभ्या राहतात, हे आयरिसने सौम्यपणे सुचवल्यावर तो माघार घेतो, तीही धुसफुसत.

होमर त्याला ज्या उपाध्यांनी वारंवार संबोधतो त्यांतही समुद्र नाही. ‘एनोसिख्थोन’ आणि ‘एनोसिगायोस’ या दोन्हींचा अर्थ भूमी हलवणारा. ‘गायएओखोस’चा अर्थ बहुधा भूमीला धरून असणारा. विसाव्या सर्गात देवच एकमेकांशी भिडतात तेव्हा पोसायडन धरणीला असा हादरा देतो की पाताळात हेडीस सिंहासनावरून किंचाळत उडी मारतो. आता जमीन दुभंगेल आणि देवांनाही किळस येणारी आपली बुरसटलेली घरे उघडी पडतील, अशी त्याला धास्ती वाटते. तेविसाव्या सर्गात रथांच्या शर्यतीत अँटिलोकसने लबाडी केल्याचा संशय येतो तेव्हा मेनेलाउस त्याला सांगतो: रथासमोर उभा राहा, चाबूक हातात घे, घोड्यांना हात लाव आणि भूमी हलवणाऱ्याची शपथ घेऊन सांग की तू मुद्दाम माझा रथ अडवला नाहीस. घोड्याच्या अंगावर हात ठेवून घेतलेली ही शपथ भूकंपाच्या देवाची आहे. होमरच्या श्रोत्यांना यात काहीही विसंगत वाटत नव्हते.

होमरच्याही मागे जायचे तर पायलॉसला जावे लागते. पेलोपोनीजच्या नैर्ऋत्येकडचा हा राजवाडा इ.स.पू. १२००च्या सुमारास जळाला आणि त्या आगीत हिशेबाच्या कच्च्या मातीच्या पाट्या भाजून निघाल्या, म्हणून त्या टिकल्या. मायकेल व्हेंट्रिसने १९५२ साली त्या पाट्यांवरची लिपी उलगडली, आणि ती भाषा ग्रीकच आहे हे सिद्ध झाल्यावर पाट्यांवरचे देव वाचता येऊ लागले. पायलॉसच्या पाट्यांवर झ्यूस आहे, हेरा आहे, पण देण्यांच्या नोंदींत सर्वाधिक मान पोसायडनला आहे. एका पाटीवर त्याला द्यायच्या वस्तूंची यादी आहे: गहू, मद्य, बैल, चीज, मेंढीचे कातडे, मध. ही शेतकरी-धनगरांच्या घरातली देणी आहेत. समुद्रातून आलेली एकही वस्तू तीत नाही. आता होमरच्याच ‘ओडिसी’चा तिसरा सर्ग उघडावा. ओडिसियसचा मुलगा टेलेमॅकस बापाच्या शोधात पायलॉसला पोहोचतो तेव्हा वृद्ध राजा नेस्टरची प्रजा किनाऱ्यावर पोसायडनला काळे बैल अर्पण करत असते. नऊ पंगती, प्रत्येकीत पाचशे माणसे आणि नऊ बैल. म्हणजे साडेचार हजार माणसे आणि एक्याऐंशी बैल. राजवाडा जळून गेल्यावर कित्येक शतकांनी रचल्या गेलेल्या काव्यात पायलॉस आणि पोसायडन ही जोडी अभंग राहिली आहे. कथेनुसार नेस्टर हा पोसायडनचाच नातू. त्याची आजी टायरो एनिपियस नदीवर भाळली होती, आणि पोसायडन त्या नदीचे रूप घेऊन तिच्याकडे आला. येथेही तो समुद्राचे सोडून गोड्या पाण्याचे रूप घेतो.

त्याच्या नावाचा उलगडा करण्याचा मोह मराठी वाचकाला होईल, कारण पहिल्या भागात ‘पोसिस’, म्हणजे आपल्या ‘पति’ शब्दाचा सगोत्र शब्द आहे, असे बरेच भाषाभ्यासक मानतात. दुसऱ्या भागात पृथ्वीचे एखादे जुने नाव असावे आणि सगळे मिळून ‘भूपती’ व्हावे, ही कल्पना आकर्षक आहे; पण त्या दुसऱ्या भागावर एकमत नाही, म्हणून मी तिच्यावर काही उभारत नाही. त्याच्या हातातले त्रिशूळ पाहून शंकराशी नाते जोडण्याचीही घाई करू नये. ग्रीकांचे त्रिशूळ हे मासे भोसकण्याच्या भाल्यासारखे हत्यार आहे आणि कथांमध्ये त्याचा उपयोग खडक फोडण्यासाठी अधिक होतो.

भूकंपाच्या बाबतीत ग्रीकांची श्रद्धा किती रोजच्या व्यवहारातली होती, हे कथांपेक्षा इतिहासात चांगले दिसते. स्पार्टा हे समुद्रापासून आत वसलेले शहर, पण शहराजवळच ‘भूमी धरणाऱ्या’ पोसायडनचे स्थान होते आणि त्याच्या शेजारी घोड्यांच्या शर्यतीचे मैदान. इ.स.पू. ४६४च्या सुमारास स्पार्टाला फार मोठा भूकंप झाला. इतिहासकार थ्युसिडिडीस सांगतो की स्पार्टन लोक स्वतःच त्याचे कारण देत: टेनारम येथील पोसायडनच्या देवळात आश्रयाला आलेल्या हेलट दासांना आपण बाहेर काढून मारले, त्याचे हे फळ. इतिहासकार झेनोफनने दिलेली दुसरी हकीकत मला विशेष आवडते. इ.स.पू. ३८८च्या सुमारास स्पार्टाचा राजा अगेसिपोलिस आर्गोसवर चालून गेला. पहिल्याच रात्री जेवणानंतर जमीन हादरली. राजाच्या तंबूतून पोसायडनचे स्तोत्र सुरू झाले आणि सगळ्या सैन्याने ते उचलून धरले. आता परत फिरायचे, असे सैनिकांनी गृहीत धरले, कारण पूर्वी एका राजाने भूकंपानंतर मोहीम सोडली होती. अगेसिपोलिस म्हणाला, सीमा ओलांडण्यापूर्वी हादरा बसला असता तर तो मनाई समजला असता. आपण आत आल्यावर बसला आहे, तेव्हा देव पुढे जायला सांगतो आहे. दुसऱ्या दिवशी त्याने पोसायडनला बळी दिला आणि कूच केले. श्रद्धा पक्की असली तरी तिचा अर्थ लावणारा माणूस हुशार असू शकतो, हे त्या काळच्या लोकांनाही ठाऊक होते.

इ.स.पू. ३७३मध्ये कोरिंथच्या आखाताच्या दक्षिण किनाऱ्यावरचे हेलिके हे नगर हिवाळ्यातल्या एका रात्रीत भूकंपाने आणि समुद्राच्या लाटेने नाहीसे झाले. भूगोलकार स्ट्रेबोच्या म्हणण्याप्रमाणे ते समुद्रापासून बारा स्टेडिया, म्हणजे दोन किलोमीटरांहून जास्त आत होते, आणि प्रेते काढायला पाठवलेल्या दोन हजार माणसांना काहीच करता आले नाही. हेलिके हे पोसायडनचेच मोठे क्षेत्र होते. लोकांनी कारणही शोधले: आशिया मायनरमध्ये गेलेल्या आयोनियन ग्रीकांनी आपल्या जुन्या देवाची मूर्ती, निदान देवळाची प्रतिकृती मागितली होती आणि हेलिकेकरांनी ती नाकारली होती. पुढे एरॅटोस्थेनीस हा ग्रीक विद्वान तेथे गेला तेव्हा नावाड्यांनी त्याला सांगितले की पाण्याखाली कांस्याचा पोसायडन अजून ताठ उभा आहे आणि जाळी टाकणाऱ्या कोळ्यांना त्याचा धोका होतो. समुद्राने गिळलेला समुद्रदेव, असे कोणी गमतीने म्हणेल. पण ज्या देवाने जमीन हलवली त्याच्याच हाती पाणीही होते, एवढाच हेलिकेच्या शेजाऱ्यांचा निष्कर्ष होता. भूकंप आणि त्यामागून येणारी लाट ज्या किनाऱ्यांवर पिढ्यान्‌पिढ्या एकत्र अनुभवली जाते, तेथे त्या दोहोंचे दोन वेगळे देव कशासाठी असतील?

घोडा, भूकंप आणि समुद्र हे तिन्ही एकाच दृश्यात पाहायचे असतील तर युरिपिडीसचे ‘हिप्पोलिटस’ हे नाटक वाचावे, ते इ.स.पू. ४२८मध्ये अथेन्सला सादर झाले. अथेन्सचा राजा थीसियस याला पोसायडनने तीन वर दिलेले आहेत. बायकोच्या खोट्या चिठ्ठीवर विश्वास ठेवून तो मुलाला, हिप्पोलिटसला, शाप देतो आणि हद्दपार करतो. पुढचे आपल्याला दूत सांगतो. किनाऱ्याच्या रस्त्याने रथ चालला असताना जमिनीखालून गडगडाट होतो, जणू पाताळातली वीज. घोडे माना वर करून कान टवकारतात. मग समुद्राकडे पाहावे तो आकाशाला भिडलेली लाट, इतकी उंच की पलीकडचे किनारे आणि खडक दिसेनासे होतात. ती लाट फुगत, फेसाळत काठावर येऊन फुटते आणि तिच्यातून एक रानटी बैल बाहेर पडतो. घोडे उधळतात. हिप्पोलिटस त्यांच्या सवयी जाणणारा कसबी सारथी. तो लगाम ओढून नावाड्यासारखा मागे रेलतो, पण बैल प्रत्येक वळणावर समोर येतो, चाक खडकावर आदळते आणि लगामात गुरफटलेला तो तरुण स्वतःच पोसलेल्या घोड्यांकडून फरफटत नेला जातो. दुताच्या निवेदनाचा क्रम नीट पाहावा: आधी जमिनीचा आवाज, मग लाट, मग जनावराची भीती. बैल सोडला तर ही भूकंप आणि त्सुनामीची डोळ्यांदेखतची हकीकत आहे. दोनच वर्षांनी, इ.स.पू. ४२६मध्ये, युबियातल्या ओरोबियाई गावी समुद्र मागे हटून पुन्हा चालून आला, आणि थ्युसिडिडीसने पोसायडनचे नावही न घेता लिहिले की धक्का जेथे सर्वांत जोराचा असतो तेथे समुद्र मागे खेचला जातो आणि उलटून येतो; भूकंपाशिवाय असे घडेल असे आपल्याला वाटत नाही. ही दोन्ही वाक्ये एकाच शहराच्या, एकाच दशकातल्या माणसांची आहेत. त्यांच्याही आधी इतिहासकार हेरोडोटसने थेसलीतल्या टेंपेच्या घळीबद्दल एक सुरेख तडजोड करून ठेवली होती: ती पोसायडनने केली असे लोक म्हणतात ते बरोबरच आहे, कारण भूकंप पोसायडन करतो असे ज्याला वाटते तो ही घळ पाहून तेच म्हणेल, मला ती भूकंपाचे काम दिसते.

घोड्यांची बाजू सर्वांत जुनी आणि सर्वांत विलक्षण रूपात आर्केडियात सापडते, म्हणजे ग्रीसच्या त्या डोंगराळ भागात जेथे समुद्र नाहीच. पॉसेनियस हा इ.स. दुसऱ्या शतकातला प्रवासी तेथील पुजाऱ्यांकडून ऐकलेल्या कथा नोंदवतो. हरवलेल्या लेकीला शोधत फिरणारी धान्यदेवता डिमीटर पोसायडनला टाळण्यासाठी घोडी होऊन कळपात मिसळते. तो घोडा होऊन तिला गाठतो. त्यातून अरायन नावाचा घोडा आणि एक मुलगी जन्मते, जिचे नाव दीक्षा न घेतलेल्याला सांगत नाहीत. फिगालियाजवळच्या गुहेत काळ्या वस्त्रातली, घोड्याचे डोके असलेली डिमीटर होती, असे त्याला सांगण्यात आले. मँटिनियाची कथा तर अशी की पोसायडन जन्मला तेव्हा त्याची आई रिया हिने त्याला मेंढरांत लपवले आणि स्वतःची मुले गिळणाऱ्या क्रोनसपुढे एक शिंगरू ठेवून ‘हेच मला झाले’ असे सांगितले. क्रोनसने ते गिळले. झ्यूसऐवजी दगड गिळल्याची कथा सर्वांना माहीत असते, पण शिंगराची कथा कुठल्याही तक्त्यात येत नाही. आर्गोसचे लोक पूर्वी लगाम घातलेले घोडे पाण्यात सोडून पोसायडनला अर्पण करत, आणि ती जागा समुद्रात जेथे गोड्या पाण्याचा झरा उसळतो तेथली होती, हेही पॉसेनियसनेच सांगितले आहे. मेडुसाचे मस्तक तुटल्यावर तिच्या धडातून पेगॅसस हा पंखांचा घोडा बाहेर आला, तोही पोसायडनचाच. त्याला उद्देशून असलेल्या छोट्या होमरी स्तोत्रात कवी म्हणतो की देवांनी तुला दुहेरी मान दिला आहे: घोड्यांना वठणीवर आणण्याचा आणि जहाजांना तारण्याचा.

नगरांच्या मालकीवरून झालेल्या भांडणांत मात्र तो सहसा हरतो. अथेन्समध्ये अथीनाने ऑलिव्हचे झाड दिले आणि त्याने खडकावर त्रिशूळ मारून खारे पाणी काढले, ही कथा प्रसिद्ध आहे. आर्गोसमध्ये तो हेराकडून हरला आणि रागाने तेथल्या नद्या आटवल्या. पण हरलेल्या देवाला अथेन्सने हाकलले नाही, ही गोष्ट कथेच्या सारांशात गळून पडते. एरेक्थियन देवळात त्याची पूजा चालू राहिली, खडकावरची त्रिशूळाची खूण दाखवली जाई, आणि तेथल्या विहिरीतून दक्षिणेचा वारा सुटला की लाटांचा आवाज येतो, असे पॉसेनियस लिहितो.

हे सगळे एकाच देवाकडे का, याचे माझे उत्तर अनुमानाचे आहे, आणि ते तसेच समजावे. जमीन, घोडा आणि जहाज या तिन्हींवर माणूस आपला भार टाकतो, आणि तिन्ही एका क्षणात खालून निसटू शकतात. त्याच्या एका उपाधीमुळे मला असे वाटते: ‘अस्फालियोस’, म्हणजे घसरू न देणारा, स्थिर ठेवणारा. इ.स.पू. १९७मध्ये थेरा आणि थेरासिया या बेटांच्या मध्ये समुद्र चार दिवस धगधगत राहिला आणि एक नवे बेट वर आले. तेथे पहिल्यांदा उतरण्याचे धाडस ऱ्होड्सच्या दर्यावर्दींनी केले आणि त्यांनी त्यावर मंदिर बांधले ते पोसायडन अस्फालियोसचे. नुकत्याच वर आलेल्या जमिनीने आता जागेवर राहावे, यासाठी त्यांना हाच देव आठवला.

आता कोल्हापूर. पंचगंगेकाठची ब्रह्मपुरी ही सातवाहनकालीन वस्ती, आणि तेथल्या वस्तूंमध्ये रोमन साम्राज्याशी असलेल्या व्यापाराच्या खुणा आहेत. ही मूर्ती त्या व्यापाराबरोबर आलेली, अशी सर्वसाधारण समजूत आहे आणि ती मला योग्य वाटते. ती पुजली जात होती की हौसेची वस्तू म्हणून कोणाच्या घरात होती, हे मूर्तीवरून ठरत नाही. तेव्हा ‘कोल्हापुरात समुद्रदेवाची उपासना होती’ असे म्हणण्याचा उत्साह आवरावा. मात्र समुद्रापासून दूर सापडलेला हा पहिला पोसायडन नव्हे. बॅक्ट्रियाचा, म्हणजे आजच्या उत्तर अफगाणिस्तानच्या भागाचा, ग्रीक राजा पहिला अँटिमॅकस याने इ.स.पू. दुसऱ्या शतकात आपल्या चांदीच्या नाण्यांवर त्रिशूळधारी पोसायडन छापला, आणि त्याच्या राज्याला समुद्रकिनारा नव्हता. कोणी त्याचा संबंध ऑक्सस नदीवरच्या विजयाशी जोडतात. बॅक्ट्रिया घोड्यांसाठी प्रसिद्ध होता आणि त्या पर्वतरांगांत भूकंप नेहमीचे आहेत, हे लक्षात घेतले तर मला तरी तेथे हा देव परका वाटत नाही. पुढे वायव्य भारतातल्या शक राजा मावेसच्या नाण्यांवरही तो दिसतो.

या विषयावर वाचायला काय घ्यावे, याचे माझे उत्तर ‘ओडिसी’चा अकरावा सर्ग हे आहे. पॉलिफेमस या आपल्या मुलाला आंधळे केल्याबद्दल पोसायडनने ओडिसियसला वर्षानुवर्षे समुद्रावर भटकवले. पाताळात टायरेसियस हा मृत द्रष्टा ओडिसियसला या वैराच्या शांतीचा उपाय सांगतो, आणि तो समुद्रावर करायचा नाही. घरी पोहोचल्यावर एक वल्हे खांद्यावर टाकून चालू लाग, असे तो सांगतो. ज्यांना समुद्र माहीत नाही, जे अन्नात मीठ घालत नाहीत, अशा लोकांपर्यंत जा. वाटेत कोणी भेटेल आणि विचारेल की हे उपणणीचे फावडे खांद्यावर कशाला घेतले आहेस, तेव्हा थांब. ते वल्हे तेथेच जमिनीत रोव आणि मेंढा, बैल व रानडुक्कर यांचा बळी पोसायडनला दे.